डीओपी व्हायचंय? वाट कुठून सुरू होते ते आधी पाहा

सिनेमॅटोग्राफीत येऊ पाहणाऱ्या मुलामुलींचा पहिला प्रश्न बहुतेक वेळा एकच असतो: "सर, कोणता कॅमेरा घेऊ?" घेऊ नका. निदान आत्ता तरी नको. मोठ्या कामांवर दिसणारे ॲरी किंवा सोनी व्हेनिससारखे कॅमेरे सहसा अंधेरी-गोरेगावच्या भाड्याच्या कंपन्यांकडून दिवसाच्या हिशेबाने येतात. त्यांच्यासोबत कंपनीचा अटेंडंट येतो आणि पॅकअप झालं की पेट्या मोजून परत जातात. डीओपीला, म्हणजे डायरेक्टर ऑफ फोटोग्राफीला, पैसे मिळतात ते निर्णयांचे. दिग्दर्शकाला सीन कसा हवाय, सूर्य किती वाजता मावळणार, नटाला सहा वाजता का सोडायचंय, निर्मात्याने दोन लाइट का कमी केले, हे सगळं डोक्यात धरून शॉट कसा घ्यायचा ते चटकन सांगणं, हेच त्याचं काम. खाली जे लिहिलंय ते मुंबई-पुण्याच्या मराठी आणि हिंदी कामांचा विचार करून लिहिलंय.

सेटवर कोण काय करतं

कॅमेरा विभागाची उतरंड माहीत नसेल तर पहिल्या दिवशी गोंधळ उडतो. वर डीओपी. त्याच्या हाताखाली ऑपरेटिव्ह कॅमेरामन, जो प्रत्यक्ष फ्रेम धरतो. मराठी सिनेमात पुष्कळदा डीओपी स्वतःच ऑपरेट करतो. मग फोकस पुलर, म्हणजे नट हलला तरी चित्र स्पष्ट राहील अशी लेन्स फिरवणारा, मग बाकीचे असिस्टंट आणि कंपनीचा अटेंडंट. डेटा सांभाळायला वेगळा माणूस असतो, त्याला डीआयटी म्हणतात. लाइटचा विभाग वेगळा. त्याचा प्रमुख गॅफर आणि त्याच्याबरोबर लाइटमन, ज्यांना सगळे लाइटदादा म्हणतात. ट्रॉली, क्रेन, जिब यांची माणसंही वेगळी.

लाइटदादांबद्दल जरा थांबून सांगतो. वीस-पंचवीस वर्षं या धंद्यात काढलेली माणसं असतात ही. तुम्ही लाइट मागितला की तो कुठे ठेवला तर फ्रेममध्ये येणार नाही, हे त्यांना तुमच्या आधी कळलेलं असतं. डिप्लोमा घेऊन आलेला पोरगा त्यांच्यावर ओरडताना दिसतो तेव्हा त्याचा दिवस कसा जाणार ते मला सकाळी नऊलाच कळतं. "दादा, इथून थोडं कमी करता येईल का?" असं विचारून बघा. काम होईलच, वर एखादी युक्तीही शिकायला मिळेल.

पहिली पायरी: उजेड बघायला शिका

याला पैसे लागत नाहीत. एक खोली, एक खिडकी, समोर बसायला तयार असलेला मित्र आणि मॅन्युअल सेटिंग देणारं ॲप असलेला मोबाइल, एवढं बस आहे.

मित्राला खिडकीकडे तोंड करून बसवा, मग कडेला वळवा, मग पाठ खिडकीकडे करा. प्रत्येक वेळी डोळ्यांखालची सावली, नाकाची सावली आणि मागच्या भिंतीचा उजेड बघा. सकाळी, दुपारी, संध्याकाळी हेच करा. आठवडाभरात लक्षात येईल की खोली तीच, माणूस तोच, पण चेहऱ्याचा भाव बदलतोय. रात्री एकाच बल्बवर प्रयोग करा. बल्बपासूनचं अंतर दुप्पट झालं की चेहऱ्यावर पडणारा उजेड निम्मा होत नाही, पावपट होतो. हे गणित अंगात मुरलं की लाइट पुढे-मागे सरकवायचा निर्णय तुम्ही उजेड मोजायचा मीटर काढण्याआधीच घेता.

रंगाचं तापमान हा पुढचा धडा. जुना पिवळा बल्ब साधारण २८०० केल्विन, दुपारचा उजेड साधारण ५६००. संध्याकाळी स्वयंपाकघरात बल्ब लावून, खिडकी उघडी ठेवून शूट करा. एकाच चेहऱ्याची एक बाजू नारिंगी, दुसरी निळसर दिसेल. ते तसंच ठेवायचं की दुरुस्त करायचं हे गोष्टीवर ठरतं. पण ते दिसलं पाहिजे, हे पहिलं.

आपल्याकडे विजेची वारंवारता ५० हर्ट्झ आहे. टीव्हीचं काम सेकंदाला २५ फ्रेम्सवर चालतं, तिथे १८० अंशांचा शटर (प्रत्येक फ्रेमवर उजेड किती वेळ पडतो त्याचं माप) म्हणजे १/५० सेकंद, त्यामुळे ट्यूबलाइट सहसा त्रास देत नाही. सिनेमा २४ फ्रेम्सवर करायला गेलात आणि शटर १८० वरच ठेवलात की दुकानातल्या, ऑफिसातल्या ट्यूब लुकलुकायला लागतात. शटर १७२.८ अंशांवर आणा, तो परत १/५० होतो आणि प्रश्न मिटतो. स्वस्त एलईडी दिवे मात्र कुठल्याच नियमात बसत नाहीत. लोकेशनवर गेलात की आधी कॅमेरा लावून तपासा, मग चहा.

महाराष्ट्रातलं भर दुपारचं ऊन हा आणखी एक शिक्षक. एप्रिलमध्ये बारा वाजता सूर्य जवळजवळ डोक्यावर असतो, डोळ्यांच्या जागी नुसत्या काळ्या खाचा दिसतात. पैसे असतील तर वर मोठं कापड ताणतात. नसतील तर नटाची पाठ उन्हाकडे करून समोरून थर्माकोल धरतात, किंवा सीन सरळ झाडाखाली, पडवीत, वाड्याच्या चौकात घेतात. १९५६च्या 'अपराजितो'साठी सुब्रत मित्र यांना वाराणसीतल्या घराचा चौक स्टुडिओत उभा करायचा होता. त्यांनी वर पांढरं कापड ताणलं आणि दिवे त्यावर मारून परावर्तित उजेड खाली आणला. आकाशातून झिरपल्यासारखा, सावल्या नसलेला उजेड. आपल्या कुठल्याही जुन्या वाड्यात बसून सकाळी वर बघा, ते काय शोधत होते ते कळेल. व्ही. के. मूर्ती यांनी 'कागज के फूल'मध्ये (१९५९) स्टुडिओत आणलेला तो प्रसिद्ध किरणही दिव्याचा नव्हता. बाहेरचं खरं ऊन दोन मोठ्या आरशांनी आत वळवलेलं होतं. दोघांनी दिव्यांच्या यादीच्या पुढे जाऊन विचार केला, म्हणून ही उदाहरणं.

सोबत सिनेमे बघा, पण आवाज बंद करून. एक सीन घ्या आणि कागदावर काढा: उजेड कुठून येतोय, कॅमेऱ्याची उंची किती, लेन्स अंदाजे कोणती, कट झाल्यावर उजेडाची दिशा तीच राहिली का. पुण्यात 'पिफ' आणि पणजीत 'इफ्फी' हे चित्रपट महोत्सव दरवर्षी होतात. माहितीपटांत रस असेल तर मुंबईचा 'मिफ' आहे. मोबाइलवर पाहिलेल्या सिनेमाचा अंधार आणि मोठ्या पडद्यावरचा अंधार या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

दुसरी पायरी: शिक्षण घ्यायचं का?

पुण्याची एफटीआयआय ही सरकारी चित्रपट संस्था १९६० साली प्रभात फिल्म कंपनीच्या जुन्या स्टुडिओच्या आवारात सुरू झाली. तिथे सिनेमॅटोग्राफीचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे. कुठल्याही शाखेची पदवी आणि प्रवेश परीक्षा लागते. टीव्ही विभागात व्हिडिओ कॅमेऱ्याचा एक वर्षाचा वेगळा अभ्यासक्रम आहे. कोलकात्याची सत्यजित राय संस्थाही सरकारी, १९९५ची. गोरेगावच्या चित्रनगरीत व्हिसलिंग वुड्स ही खासगी संस्था आहे, तिची फी बऱ्यापैकी जड आहे. याशिवाय गल्लोगल्ली तीन महिन्यांचे, सहा महिन्यांचे कोर्स निघालेत.

माझं मत विचाराल तर सरकारी संस्थेत प्रवेश मिळाला तर डोळे झाकून जा. तिथे तीन वर्षं चुका करायला परवानगी असते, आणि बरोबर शिकणारे दिग्दर्शक, संकलक, ध्वनीवाले पुढे दहा-पंधरा वर्षं तुमचे सोबती राहतात. प्रवेश परीक्षेची तयारी मात्र माहिती पाठ करून होत नाही. चित्रं, नाटक, वाचन, आजूबाजूचं निरीक्षण, हे सगळं तिथे तपासलं जातं. प्रवेश नाही मिळाला तर कर्ज काढून महागडा कोर्स करण्याआधी दोन गोष्टी विचारा: विद्यार्थ्याला स्वतःच्या हाताने किती शूट करायला मिळतं, आणि मागच्या तुकडीतली मुलं आज कुणाकडे असिस्टंट आहेत. दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर द्यायला कुणी टाळाटाळ केली की उठा.

संस्थेत न जाता मोठे झालेले डीओपी या इंडस्ट्रीत पुष्कळ आहेत. त्यांची शाळा म्हणजे सेट.

तिसरी पायरी: सेटवर शिरायचं कसं

सगळ्यात दुर्लक्षित दार म्हणजे कॅमेरा भाड्याने देणारी कंपनी. तिथे अटेंडंट म्हणून लागलात की रोज लेन्स पुसायच्या, बॅटऱ्या चार्ज करायच्या, पेट्या भरायच्या, कॅमेरा जोडून-सोडून तपासायचा. पगार कमी, कष्ट जास्त. पण वर्षभरात तुमच्या हाताखालून जेवढे कॅमेरे आणि लेन्स जातात तेवढे कुठल्याच विद्यार्थ्याला मिळत नाहीत. शिवाय तुम्ही वेगवेगळ्या डीओपींच्या सेटवर जाता. कोण कसा लाइट करतो, कोण कसा बोलतो, कुणाच्या युनिटला पुन्हा पुन्हा काम मिळतं, सगळं फुकटात बघायला मिळतं. अटेंडंटचे पुढे फोकस पुलर आणि डीओपी झालेली माणसं आहेत.

दुसरं दार म्हणजे थेट असिस्टंट. आवडणाऱ्या डीओपीला मेसेज करा, पण "मला सिनेमाची खूप आवड आहे" एवढ्यावर कुणी उत्तर देत नाही. मेसेज चार ओळींचा हवा: तुम्ही काय केलंय, कोणते कॅमेरे हाताळता येतात, कुठल्या तारखांना मोकळे आहात, मुंबईत राहायची सोय आहे का. शेवटचं महत्त्वाचं. कॉल टाइम, म्हणजे सेटवर हजर व्हायची वेळ, सकाळी सहाची, सेट मढ आयलंडला, घोडबंदर रोडला किंवा नायगावला, आणि तुम्ही अजून गावाहून येणाऱ्या गाडीत बसलेले, असं चालत नाही.

तिसरं दार लहान गावातल्या मुलांचं. सांगली, लातूर, जळगावात लग्नाचे व्हिडिओ करणारा पोरगा स्वतःला या धंद्याबाहेरचा समजतो. उलट त्याच्याकडे एक गोष्ट असते जी पुष्कळ डिप्लोमावाल्यांकडे नसते: मंगलाष्टकं संपली की अक्षता पडणारच, तिथे रिटेक नाही. घटना घडायच्या आधी जागेवर उभं राहायची सवय माहितीपटात आणि बातमीच्या कामात थेट उपयोगी पडते. कमी पडतो तो लाइटिंगचा विचार, कारण लग्नात समोरून झगझगीत दिवा मारून भागतं. तेवढं मोडायचं.

मुलींसाठी एक सांगणं. कॅमेरा विभागात बायका अजून कमी आहेत, पण एकट्या नाहीत. २०१७पासून इंडियन विमेन सिनेमॅटोग्राफर्स कलेक्टिव्ह काम करतंय. तिथे काम, सल्ला, ओळखी मिळतात. रात्रीची शिफ्ट असेल तर पॅकअपनंतर गाडी कोण देणार, आउटडोअरला राहायची आणि टॉयलेटची सोय काय, हे काम घेतानाच विचारा. हा हट्ट नव्हे, प्रॉडक्शनची ती जबाबदारीच आहे.

असिस्टंट असताना काय करायचं

गप्प राहायचं आणि बघायचं. शॉट चालू असताना मॉनिटरमागे उभं राहून मत द्यायचं नाही. पेट्यांची यादी पाठ ठेवायची. सकाळी चोवीस पेट्या आल्या असतील तर रात्री चोवीसच गेल्या पाहिजेत.

कॅमेऱ्याचं मेमरी कार्ड हा सगळ्यात नाजूक विषय. भरलेल्या कार्डाला लाल टेप लावायची पद्धत बऱ्याच युनिटमध्ये आहे. डेटाच्या निदान दोन वेगळ्या ड्राइव्हवर कॉपी झाल्या, त्या उघडून तपासल्या आणि डीआयटीने तोंडाने "कर" म्हटलं, की मगच फॉरमॅट. खाणाखुणांवर किंवा अंदाजावर कधीच नाही. पूर्वी ३५ एमएमची ४०० फुटांची रीळ साडेचार मिनिटांत संपायची, त्यामुळे तालीम केल्याशिवाय कॅमेरा सुरू होत नसे. आता कार्ड तासभर चालतं आणि तालमीच शूट होतात. संध्याकाळी डेटा उतरवणाऱ्याच्या चेहऱ्यावर त्याचा हिशेब दिसतो.

मग फोकस. ही पायरी टाळून थेट डीओपी होता येतं, पण टाळू नये असं माझं ठाम मत आहे. ८५ एमएमची लेन्स, ॲपर्चर (लेन्सचं तोंड किती उघडं आहे ते) २, नट सहा फुटांवर: या हिशेबात स्पष्ट दिसणारी खोली चार-पाच सेंटिमीटरच असते. डोळा शार्प, कान मऊ. नटाने संवादात मान पुढे केली की तुमचं बोट तेवढंच हललं पाहिजे, त्याच क्षणी. त्यासाठी टेपने अंतर मोजा, जमिनीवर खुणा लावा, तालमीत नटाचे पाय बघा आणि संवाद स्वतः पाठ करा. कोणत्या शब्दावर तो उठतो हे माहीत असेल तर तुम्ही त्याच्यामागे धावत नाही. फोकस पुलरइतकं नटाकडे सेटवर दुसरं कुणी बारकाईने बघत नाही, आणि पुढे फ्रेम लावताना तेच कामाला येतं.

मालिका की सिनेमा?

मालिकेला नाकं मुरडणारे पुष्कळ भेटतील. त्यांचं फार ऐकू नका. मालिकेचा एक एपिसोड जाहिराती वगळून वीस-बावीस मिनिटांचा, आणि तो साधारण एका दिवसात निघावा लागतो. बारा तासांची शिफ्ट, दोन किंवा तीन कॅमेरे, मास्टर, म्हणजे पूर्ण सीनचा लांबचा शॉट, घेतला की ओव्हर शोल्डर (एकाच्या खांद्यावरून दुसऱ्याचा), क्लोज, रिॲक्शन. सिनेमात दिवसाला दोन-तीन मिनिटं निघाली तरी चांगला दिवस म्हणतात. मालिकेत तुम्ही वेग शिकता, एका लाइटिंगमध्ये तीन दिशांचे शॉट कसे काढायचे ते शिकता, आणि नट दमलाय हे ओळखून त्याचा क्लोज आधी घ्यायला शिकता.

तोटाही तितकाच खरा. चॅनेलला चेहरे उजळ हवे असतात, सावली दिसली की फोन येतो. दिवाणखान्याचा तोच सेट, वरून तेच मऊ दिवे, सासू डावीकडे, सून उजवीकडे. दोन-तीन वर्षांत डोळा त्या उजेडाला इतका सरावतो की अंधाराची भीती वाटायला लागते. म्हणून मालिका करत असाल तर वर्षातून एखादी शॉर्ट फिल्म किंवा माहितीपट करा, पैसे न मिळाले तरी. घरभाडं मालिकेवर चालतं हे मान्य. डोळा शाबूत ठेवायची सोय स्वतःच करावी लागते.

डीओपीच्या खुर्चीतून दिग्दर्शनाकडे गेलेली मंडळी मराठीत बरीच आहेत: महेश लिमये, संजय जाधव, अविनाश अरुण, सुधाकर रेड्डी यक्कंटी. ते उद्दिष्ट असेल तर हरकत नाही, पण असिस्टंट असताना सेटवर बोलून दाखवू नका. दिग्दर्शकाला दुसरा दिग्दर्शक नको असतो.

पहिलं स्वतंत्र काम आणि शो-रील

शो-रील, म्हणजे काम मागताना दाखवायचा तुमच्या कामाचा नमुना, दोन मिनिटांची. ड्रोनचा सूर्योदय, स्लो मोशनमधला पाऊस, गाण्यावर कापलेले तुकडे, हे सगळे दाखवतात. त्याऐवजी एक पूर्ण सीन ठेवा, दोन माणसं एका खोलीत बोलतायत असा. उजेड सलग राहिला का, नजरा जुळतात का, कट टोचतात का, हे त्यात लगेच कळतं. काम देणारा तेच बघतो.

पहिलं काम मिळालं की रेकीला, म्हणजे शूटआधी लोकेशन बघायला, दिग्दर्शकाबरोबर स्वतः जा, आणि ज्या वेळेचा सीन आहे त्याच वेळी जा. तिथे सूर्य कुठून कुठे जातो, विजेचं कनेक्शन किती भार घेतं, जनरेटरची गाडी कुठपर्यंत येते, शेजारी देऊळ किंवा मंगल कार्यालय आहे का, खोलीचं छत किती उंच, हे लिहून घ्या. मग साहित्याची यादी करा आणि तिच्यासोबत दुसरी, काटछाट केलेलीही तयार ठेवा. निर्माता यादी कापणार हे ठरलेलंच आहे. काय कापायचं ते तुम्ही ठरवलेलं बरं, नाहीतर अकाउंटंट ठरवतो.

पैसे, कार्ड आणि कागद

मुंबईत कॅमेरा विभागाची संघटना म्हणजे वेस्टर्न इंडिया सिनेमॅटोग्राफर्स असोसिएशन, सगळे तिला 'विका' म्हणतात. ती सिनेमातल्या कामगारांच्या फेडरेशनशी, म्हणजे एफडब्ल्यूआयसीईशी जोडलेली आहे. मोठ्या सेटवर संघटनेचं सभासद कार्ड तपासलं जातं. सभासदत्वाचे नियम आणि शुल्क थेट कार्यालयात जाऊन विचारा, मधल्या एजंटला पैसे देऊ नका.

टीव्हीत पेमेंट कामानंतर ९० दिवसांनी येणं ही सर्वसाधारण रीत आहे. म्हणजे पहिले तीन-चार महिने खिशातून काढावे लागणार. तेवढी तजवीज करूनच मुंबईत या. रोजचा कन्व्हेयन्स, म्हणजे प्रवासखर्च, मिळतो, त्यावर घर चालत नाही. दर, शिफ्टचे तास, ओव्हरटाइम, पेमेंटची तारीख हे निदान व्हॉट्सॲपवर किंवा ईमेलवर लिहून घ्या. फोनवरच्या "होऊन जाईल"ला पुढे कुणी विचारत नाही. मानधनातून टीडीएस कापला जातो; रिटर्न भरलं तर जादा कापलेला परत मिळतो आणि पुष्कळ असिस्टंट आळसापायी तो सोडून देतात. वर्षाची उलाढाल २० लाखांच्या वर गेली की जीएसटी नोंदणी लागते, तेव्हा सीए गाठा.

कॅमेरा विकत घ्यायचाच असेल तर आता घ्या, या टप्प्यावर, आणि तोही महिन्यातले किती दिवस तो भाड्याने जाईल याचा हिशेब करून. त्याआधी पैसे आलेच तर एक चांगला लाइट मीटर घ्या, एक मजबूत पाठीची पिशवी घ्या, आणि कंबरेचे व्यायाम सुरू करा. लेन्स, मॉनिटर, बॅटरी लावलेला कॅमेरा दहा-पंधरा किलोंचा होतो आणि तो खांद्यावर घेऊन बारा तास उभं राहायचं असतं.